निघण्यापूर्वीची नोंद

१९७१ च्या ऑक्टोबर महिन्यात दोन माणसं साध्या प्रवासी विमानांनी पृथ्वीप्रदक्षिणेला निघाली. एक भौतिकशास्त्राचा प्राध्यापक, जोसेफ हाफेले. दुसरा अमेरिकी नौदल वेधशाळेतला खगोलशास्त्रज्ञ, रिचर्ड कीटिंग. बरोबर सीझियमची चार आण्विक घड्याळं. एक फेरी पूर्वेच्या दिशेने, काही दिवसांनी दुसरी पश्चिमेच्या दिशेने. घड्याळं सामानात टाकण्यासारखी नव्हती, म्हणून त्यांच्यासाठी खुर्च्या राखल्या होत्या आणि तिकिटावर प्रवाशाचं नाव होतं 'मिस्टर क्लॉक'. सगळ्या प्रयोगाला आठ हजार डॉलर मिळाले होते, त्यातले ७,६०० तिकिटांतच गेले. परत येऊन पाहिलं तर पूर्वेच्या फेरीत घड्याळं सरासरी ५९ नॅनोसेकंद मागे पडली होती आणि पश्चिमेच्या फेरीत २७३ नॅनोसेकंद पुढे गेली होती. आइन्स्टाइनच्या सापेक्षतेनुसार वेगाने आणि उंचीने घड्याळाची चाल बदलते; त्या गणिताने आधीच सांगून ठेवलेले आकडे होते ४० मागे आणि २७५ पुढे, दोन्हीकडे वीसेक नॅनोसेकंदांची सूट धरून. नॅनोसेकंद म्हणजे सेकंदाचा अब्जावा भाग.

हा किस्सा ऐकणारा तिकिटापाशी येऊन हसतो आणि तिथेच थांबतो. मला मात्र दुसरंच काहीतरी टोचत राहतं. विमानातून हिंडलेल्या चार घड्याळांची गोष्ट पन्नास वर्षं सांगितली जाते आहे. वॉशिंग्टनच्या वेधशाळेत जागची न हललेली घड्याळं कुणाच्याच गोष्टीत नसतात. खरं तर ५९ आणि २७३ हे आकडे हिंडलेल्या घड्याळांचे नाहीतच. ते फरक आहेत. घरी कुणी थांबलंच नसतं, तर विमानातली घड्याळं आपापले सेकंद इमानाने मोजत परत आली असती आणि वाटेत काही घडलं हे त्यांच्यावरून कुणालाही कळलं नसतं. काळाशी खेळणाऱ्या कल्पित संशोधकांच्या कथा वाचताना नेमकी हीच उणीव जाणवते. तळघर असतं, खटका असतो, निळ्या ठिणग्या असतात, तारीख दाखवणारी तबकडी असते. ती तबकडी कुठल्या घड्याळावरून लावली होती, हे कुणी विचारत नाही.

म्हणून जिला हा प्रश्न रोज छळतो अशी एक संशोधक मनाशी रचून पाहावी म्हटलं. नाव नको. पन्नाशी उलटलेली, बोटांवर सोल्डरिंगचे जुने चटके. पिंजारलेले केस आणि वेडसर हसू हे कथांमधलं ठरलेलं भांडवल तिला द्यायचं नाही. या कामात लहरीपणाचं काही चालत नाही, चालतं ते वहीचं. तिच्या खोलीत शिरल्यावर टिकटिक ऐकू येत नाही, ऐकू येते पंख्यांची घरघर. तीस तीस किलोच्या तीन पेट्या लोखंडी मांडणीत बसवलेल्या, मागून कोमट हवा, तापलेल्या ट्रान्सफॉर्मरचा जेमतेम जाणवेल असा वास. पेटीच्या आत एक निर्वात नळी असते. नळीच्या एका टोकाला छोट्या भट्टीत सीझियम तापतं, त्याचे अणू झोतासारखे पुढे निघतात आणि वाटेत त्यांच्यावर सूक्ष्मलहरींचा (मायक्रोवेव्हचा) मारा होतो. लहरींची वारंवारता सेकंदाला बरोबर ९,१९२,६३१,७७० असेल तरच अणू अवस्था बदलतात, आणि पलीकडच्या टोकाचा शोधक त्यांना मोजतो. मोजणी घसरली की इलेक्ट्रॉनिक मंडल (सर्किट) क्वार्ट्‌झच्या स्फटिकाला किंचित इकडे किंवा तिकडे ढकलतं. म्हणजे ठोके शेवटी स्फटिकाचेच. सीझियम फक्त त्याला वळण लावतं. १९६७ पासून सेकंदाची व्याख्याच या आकड्यावर उभी आहे. आणि ही नळी संपते. भट्टीतलं सीझियम उडत जातं, आतला निर्वातपणा हळूहळू बिघडतो, पाच-दहा वर्षांनी शोधकाला मिळणारा संकेत मंदावत जातो. काळ मोजणाऱ्या यंत्राला वय असतं हे तिला पहिली नळी गेली तेव्हा कळलं असणार.

तिच्याबरोबर धाकटा भाऊ राहतो असं धरू. त्याला भौतिकशास्त्रात रस नाही. पण रोज सकाळी ठरल्या वेळी, घड्याळांमधला फरक मोजणाऱ्या काउंटरवरचा आकडा वहीत उतरवण्याचं काम त्याच्याकडे आहे, आणि ते त्याने कधी चुकवलेलं नाही. ही व्यक्ती गोष्टीत नसेल तर मला ती गोष्टच खरी वाटणार नाही.

तिचं यंत्र काय? डोंगर. काळाचा वेग बदलायला सगळ्यात स्वस्त साधन तेच आहे. पृथ्वीपासून जितकं वर जावं तितकं घड्याळ जलद चालतं; दर मीटर उंचीला फरक पडतो तो एकावर सोळा शून्यं दिल्यावर होणाऱ्या संख्येत सुमारे १.१ इतका. हे घरगुती पातळीवर करून झालेलंही आहे. २००५ मध्ये अमेरिकेतल्या एका हौशी घड्याळप्रेमीने तीन सीझियम घड्याळं गाडीत घातली, मुलांना घेतलं आणि माउंट रेनियरवर, घरापेक्षा सुमारे १,३४० मीटर उंचीवर, दोन दिवस मुक्काम केला. हिशोबाने बावीसेक नॅनोसेकंद मिळायला हवे होते, आणि मोजणीत जवळपास तितकेच निघाले. खटका नाही, ठिणग्या नाहीत. तेवढे नॅनोसेकंद त्या मुलांच्या वयातही जमा झाले, आणि ते परत घेता येत नाहीत.

आता तिचा प्रवास पायरीपायरीने पाहू, कारण सगळी मेख पायऱ्यांत आहे. डोंगरावर जायचं ते दोन दिवसांसाठी, पण तयारी काही आठवडे आधी सुरू होते. तिन्ही घड्याळं स्थिरावू द्यायची. मग प्रत्येकातून सेकंदाला एक निघणारा विजेचा स्पंद घरीच थांबणाऱ्या आणखी एका घड्याळाच्या स्पंदाशेजारी ठेवायचा आणि दोहोंतलं अंतर काउंटरने मोजत राहायचं. एक घड्याळ दिवसाला दहा-वीस नॅनोसेकंद पुढे पळत असेल, दुसरं तितकंच मागे पडत असेल. त्याने काही बिघडत नाही. घड्याळ चुकीचं असलं तरी चालतं, पण त्याची चूक रोज तेवढीच असली पाहिजे. आठवडाभराचे बिंदू आलेखावर मांडले की तिरपी पण सरळ रेष मिळते, आणि ती मिळेपर्यंत गाडीला हात लावायचा नाही. मग केबल काढायच्या, बॅटरीवर घ्यायचं, गाडीत चढवायचं. तीन घड्याळं मिळून दीडशे वॅट खातात असं धरलं तर मुक्कामाच्या बेचाळीस तासांना सहा युनिटांहून जास्त वीज झाली. गाडीची साधी बॅटरी त्यातला किरकोळ भागच पुरवते, तेव्हा बॅटऱ्यांची रांग लागते, नाहीतर वर पोचल्यावर विजेची सोय. मुक्कामात गाडीच्या काचेतून ऊन घड्याळावर पडू द्यायचं नाही. परत आल्यावर पुन्हा त्याच केबल, त्याच काउंटरचे तेच खाचे, आणि आणखी आठवडाभर मोजणी. शेवटी आलेखावर दोन रेषा दिसतात, निघण्यापूर्वीची आणि परतल्यानंतरची. दोन्ही समांतर असल्या आणि त्यांच्यामध्ये एक पायरी दिसली, तर ती पायरी म्हणजे कमावलेला काळ. समांतर नसल्या तर घड्याळाने वाटेत स्वभाव बदलला, आणि दोन दिवस पाण्यात.

पायरी खोटी ठरवणाऱ्या गोष्टी मात्र पुष्कळ. नॅनोसेकंदात प्रकाश निर्वातात तीस सेंटिमीटर जातो. नेहमीच्या केबलमधून संकेत सुमारे वीस. म्हणजे 'त्याच केबल' हा हट्ट भाबडा नाही. परतल्यावर कुणी जुनी केबल सापडत नाही म्हणून दुसरी लांब केबल लावली, आणि ती साडेचार मीटरने जास्त भरली, तर तिने काहीही न करता बावीस नॅनोसेकंद हजर होतात.

साडेचार मीटर तार म्हणजे डोंगरावरचे दोन दिवस.

दुसरी खोड स्पंदाच्या कडेची. आकृतीत स्पंद काटकोनात उभा काढतात, पण खरा स्पंद चढायला काही नॅनोसेकंद घेतो. काउंटर एक व्होल्टला दचकतो की दोन व्होल्टला, यावर वाचन हलतं. म्हणून तो बिंदू एकदा ठरवला की वहीत लिहायचा आणि पुन्हा त्या बटणाला शिवायचं नाही. केबलच्या टोकाला पन्नास ओहमचा रोध लावायचा राहिला तर संकेत टोकावरून उलटा फिरतो, कडेवर खवले उठतात आणि काउंटर कधी पहिल्या खवल्यावर दचकतो, कधी दुसऱ्यावर. आणि एकच घड्याळ नेऊन उपयोग नाही. त्याने उडी मारली तर ती काळाची की त्याच्या नळीची, कसं ठरवणार? दोन नेली तर दोघांचं भांडण दिसतं, खरं कोण ते दिसत नाही. तीन असली की निदान बहुमत घेता येतं. जहाजांवरच्या लोकांना हे फार आधीपासून माहीत होतं. १८३१ मध्ये डार्विनला घेऊन निघालेल्या 'बीगल' जहाजावर बावीस क्रोनोमीटर, म्हणजे अचूक सागरी घड्याळं, होते. हाफेले-कीटिंग यांची चार घड्याळंही प्रवासात आपापले वेग बदलत होती. एकमेकांशी ताडून पाहत त्यांनी कुणी कधी घसरण केली ते शोधलं. निकालावर पुढे जे आक्षेप आले तेही याच झाडलोटीवर होते.

काळ बदलणं अवघड नाही, हे मला यातून सारखं दिसत राहतं. जिना चढला तरी तो बदलतो. अवघड आहे ते, आपण जे पाहिलं ते काळामुळेच झालं आणि दुसऱ्या कशामुळे नाही, याची खात्री पटवणं. १९६० मध्ये हार्वर्डमध्ये पाउंड आणि रेबका या भौतिकशास्त्रज्ञांनी इमारतीतल्या साडेबावीस मीटरच्या उंचीत हा फरक पकडला. लोहाच्या एका विशिष्ट अणूतून निघणारे गॅमा किरण एका टोकाकडून दुसऱ्या टोकाला पाठवायचे, हवेने ते गिळू नयेत म्हणून मध्ये हेलियम भरलेली पिशवी. अपेक्षित फरक एकावर पंधरा शून्यांत जेमतेम अडीच. त्याच सुमारास केंब्रिजमधल्या ब्रायन जोसेफसन या विद्यार्थ्याने दाखवून दिलं, की किरण सोडणारं लोह आणि शोषणारं लोह यांच्या तापमानात एका अंशाचा फरक पडला तरी जवळपास एवढाच परिणाम दिसेल. अणू जास्त थरथरतात, आणि थरथरणाऱ्याचा काळ किंचित संथ चालतो. म्हणजे वर ऊब आणि खाली गारवा, एवढ्याने सगळा सिद्धान्त खराही ठरू शकतो आणि खोटाही. पाउंड आणि रेबका तापमान मोजत बसले, वरची वस्तू खाली आणि खालची वर करत राहिले. माझ्या मते काळावर काम करणाऱ्याच्या आयुष्याचं खरं वर्णन याहून नेमकं करता येणार नाही: बहुतेक दिवस तापमापक वाचण्यात जातात.

उलट्या टोकाचं उदाहरण २०११ चं. सर्न या युरोपातल्या कण-प्रयोगशाळेहून निघालेले न्यूट्रिनो नावाचे कण ७३० किलोमीटरवरच्या इटलीतल्या ग्रान सासो प्रयोगशाळेत प्रकाशापेक्षा ६० नॅनोसेकंद आधी पोचतात असं ऑपेरा प्रयोगाने त्या सप्टेंबरात जाहीर केलं. प्रकाशाला मागे टाकता येत असेल तर तत्त्वतः भूतकाळात निरोप धाडण्याचं दार किलकिलं होतं, त्यामुळे जगभर केवढा गहजब झाला. शेवटी निघालं काय, तर उपग्रहाची वेळ मुख्य घड्याळापर्यंत आणणाऱ्या प्रकाशतंतूचा कनेक्टर नीट घट्ट बसलेला नव्हता. सैल जोडामुळे प्रकाश कमी पोचायचा, समोरचा शोधक दचकायला उशीर करायचा आणि घड्याळ तेवढं मागे राहायचं. पुढच्या मार्चमध्ये प्रयोगाच्या प्रमुखाने राजीनामा दिला. लोक यावर हसले. मला त्यात हसण्यासारखं फार दिसत नाही. त्यांनी निकाल जाहीर करताना इतरांना चूक शोधा असंच सांगितलं होतं. माझ्या संशोधक बाईने मात्र त्या दिवशी खोलीतला प्रत्येक कनेक्टर हाताने पुन्हा आवळला असेल, याबद्दल मला शंका नाही.

काळाला वाहिलेलं खरं आयुष्य पाहायचं तर जॉन हॅरिसनचं पाहावं. १६९३ मध्ये जन्मलेला सुतार. समुद्रावर रेखांश कळायला हवा तर बंदराची वेळ जहाजावर नेली पाहिजे, आणि त्यासाठी १७१४ च्या कायद्याने वीस हजार पौंडांचं बक्षीस लावलेलं. पहिलं सागरी घड्याळ त्याने १७३५ मध्ये पुरं केलं. तिसऱ्यात एकोणीस वर्षं घालवली. त्याचे ७५३ भाग. उष्णतेने कमान सैलावते म्हणून पितळ आणि पोलाद एकत्र जोडलेली पट्टी त्याने त्यातच काढली. ती दोन धातूंची पट्टी पुढे असंख्य थर्मोस्टॅटांमध्ये गेली, ते घड्याळ मात्र कधी समुद्रावर चाचणीला गेलंच नाही. कारण तोवर त्याला कळून चुकलं होतं, की रस्ता वेगळा आहे: मोठं आणि संथ नको, लहान आणि चपळ हवं. चौथं, १७५९ चं, तेरा सेंटिमीटर व्यासाचं आणि दीड किलोला थोडं कमी. एकोणीस वर्षांच्या कामाकडे पाठ फिरवून ते करणं, ही मला त्या माणसाची सगळ्यात मोठी गोष्ट वाटते. पण इथेही पेच पुन्हा दुसऱ्या घड्याळाचाच. नोव्हेंबर १७६१ मध्ये त्याचा मुलगा विल्यम ते घेऊन जमैकाला निघाला. ८१ दिवसांत, ठरलेली रोजची चाल वजा करून, घड्याळ ५.१ सेकंद मागे पडलं होतं. बक्षीस ठरवणारं रेखांश मंडळ म्हणालं, जमैकाचा रेखांशच आम्हाला तितका पक्का माहीत नाही, मग घड्याळ बरोबर आलं हे कशावरून? आक्षेप चिडवणारा आहे, हॅरिसनच्या बाजूने वाचणाऱ्याला तर तो नुसता खोडसाळ वाटतो. तरी तो चुकीचा नव्हता. ज्याच्याशी ताडायचं तेच डळमळीत असेल तर ताडून काय मिळणार? १७६४ मध्ये बार्बाडोसला पुन्हा चाचणी झाली, या वेळी रेखांश नीट ठरवून. ४७ दिवसांत ३९ सेकंद, म्हणजे बक्षिसाच्या अटीपेक्षा कितीतरी सरस. शेवटचे ८,७५० पौंड संसदेने १७७३ मध्ये दिले तेव्हा तो ऐंशीचा होता.

आपल्या बाईला असं बक्षीस कुणी लावलेलं नाही. तिची मिळकत किती? समजा तिने एक घड्याळ डोंगरावर तीस वर्षं अखंड ठेवलं. वर्षाला साडेचार मायक्रोसेकंदांहून थोडे जास्त, तीस वर्षांत १४० च्या आसपास. डोळ्याची पापणी लवायला लागतो त्याच्या हजाराव्या हिश्शाच्या घरात. याहून जास्त हवं असेल तर वेग हवा. सर्नमध्ये १९७७ मध्ये वर्तुळात फिरवलेले म्यूऑन नावाचे अल्पायुषी कण २.२ मायक्रोसेकंदांऐवजी ६४ मायक्रोसेकंद जगले. कणांना काळ असा ताणून देता येतो. माणसाचा हिशोब करून पाहा. स्वतःच्या एका वर्षात पृथ्वीवर दहा वर्षं उलटावीत असं वाटत असेल तर प्रकाशाच्या ९९.५ टक्के वेग लागतो. सत्तर किलोच्या देहाला तिथवर नेण्याची ऊर्जा म्हणजे जगात वर्षभरात तयार होणाऱ्या विजेच्या निम्म्याच्या आसपास, आणि ती एक कण वाया न घालवता. मग थांबायला तेवढीच, परत निघायला तेवढीच, घरी येऊन थांबायला पुन्हा तेवढीच. यानाचं वजन यात धरलेलंच नाही. कथांमधल्या तळघरांचं वीजबिल कोण भरतं, असा प्रश्न मला नेहमी पडतो.

काळ वाकवण्याचा जो एकमेव रोजचा धंदा जगात चालू आहे, तो उपग्रहांचा, आणि तिथेही काम उलटं असतं: वाकलेलं सरळ करण्याचं. जीपीएसच्या उंचीवर घड्याळ दिवसाला ४५ मायक्रोसेकंद जलद चालतं, वेगामुळे ७ मायक्रोसेकंद संथ, उरले ३८. हे सोडून दिलं तर अंतराची चूक दिवसाला अकराएक किलोमीटरांनी वाढेल. म्हणून जमिनीवर असतानाच घड्याळ मुद्दाम थोडं मंद लावतात, १०.२३ मेगाहर्ट्‌झऐवजी १०.२२९९९९९९५४३. १९७७ मध्ये एनटीएस-२ हा चाचणी उपग्रह वर गेला तेव्हा ही दुरुस्ती करणारं मंडल आधी वीस दिवस बंद ठेवलं होतं. खरंच जलद चालतंय का ते बघू, मग सुरू करू. चाललं, जवळजवळ सांगितलं तेवढंच, आणि मग मंडल सुरू केलं. ही सावध अविश्वासाची रीत मला फार आवडते.

एक आक्षेप हमखास येतो, तो इथे उरकून टाकू. पृथ्वी सूर्याभोवती सेकंदाला तीस किलोमीटर धावते, तेव्हा काळात एक सेकंद उडी मारणारा अधांतरी अवकाशात पडेल, असं म्हणतात. ऐकायला चपखल आहे, पण त्यात 'जागच्या जागी राहणं' नावाची काहीतरी ठाम वस्तू असल्याचं गृहीत धरलेलं आहे. कुणाच्या संदर्भात जागच्या जागी? सूर्य आकाशगंगेच्या केंद्राभोवती सेकंदाला दोनशेहून जास्त किलोमीटरने फिरतो, मग त्याला का सोडायचं? विश्वात खुंटी ठोकलेली जागा नाही. डोंगरावर गेलेलं घड्याळ मुळी उडीच मारत नाही. प्रत्येक क्षणातून चालत जातं, फक्त त्याच्या वाटेवरचे ठोके वेगळे पडतात.

मागे जाण्याचं मात्र काय? कागदावर रस्ते आहेत. कुर्ट ग्योडेल या तर्कशास्त्रज्ञाने १९४९ मध्ये आइन्स्टाइनच्या समीकरणांची अशी उकल काढली, की सगळं विश्वच फिरत असेल तर पुढे पुढे जाणारा शेवटी स्वतःच्या भूतकाळात येऊन पोचतो. आपलं विश्व तसं फिरताना दिसत नाही. पण या प्रश्नावर सगळी हयात घालवलेला एक खरा माणूस आहे, आणि कल्पित संशोधक रचताना त्याला बाजूला ठेवणं मला जमत नाही. रोनाल्ड मॅलेट दहा वर्षांचा असताना, १९५५ मध्ये, त्याचे वडील हृदयविकाराने गेले. वय ३३, धंदा टीव्हीदुरुस्तीचा. परत जाऊन वडिलांना सावध करायचं, हे त्या मुलाने ठरवलं आणि त्यासाठी भौतिकशास्त्र शिकला. विद्यापीठात प्राध्यापक झाला, पण लोक वेडा म्हणतील म्हणून वर्षानुवर्षं कृष्णविवरांच्या आडोशाने काम केलं. २००० मध्ये त्याने मांडलं, की वर्तुळात फिरणारा लेसर प्रकाश आजूबाजूचं अवकाश किंचित ओढत फिरवतो. पुढे त्यातून काळाची वळी, म्हणजे भूतकाळाकडे परत वळणारी वाट, कशी तयार होईल तेही. इतरांनी गणित तपासलं आणि दोन उणिवा दाखवल्या: प्रकाश विझवला तरी मधोमध एक अशक्य रेघ समीकरणात उरते, आणि काळाची वळी जिथे सुरू व्हायला हवी ते अंतर दृश्य विश्वाहूनही मोठं निघतं.

त्याहून मोठी अडचण त्याला स्वतःलाच ठाऊक होती. असं यंत्र झालंच, तर ते सुरू केल्याच्या क्षणापलीकडे मागे नेऊ शकत नाही. १९५५ मध्ये कुणी यंत्र लावून ठेवलेलं नव्हतं. आपण वडिलांपर्यंत पोचणार नाही हे कळल्यावरही तो थांबला नाही. यात हट्ट किती, सवय किती आणि प्रेम किती, हे बाहेरून सांगता येत नाही, आणि तसं सांगायला जाणाऱ्यांचा मला राग येतो.

घड्याळवाल्यांना मात्र ही अट ओळखीची वाटेल. डोंगरावरून आणलेल्या घड्याळातही निघण्यापूर्वीच्या पहिल्या नोंदीपलीकडचं काही वाचता येत नाही. जे घड्याळ ताडून न घेताच गाडीत चढवलं, ते वर कितीही दिवस राहून आलं तरी त्याचा उपयोग शून्य. म्हणून तीस वर्षांत तिची सगळी घड्याळं एकदम कधीच बंद पडू दिलेली नाहीत. आधाराच्या बॅटऱ्या ठरावीक वर्षांनी बदलायच्या, आणि त्याही एका वेळी एकच, दुसरी जोडलेली असताना.

आता सगळ्यात जुन्या पेटीची नळी संपत आली आहे. शोधकाचा संकेत महिन्याला थोडा खाली जातो, भरपाईसाठी मंडल वर्धन, म्हणजे संकेत मोठा करण्याचं प्रमाण, वाढवत नेतं, आणि ते वाढवायलाही आता जागा फारशी राहिलेली नाही. नवी नळी जवळपास घड्याळाच्या मोलाची. भावाचं म्हणणं, ती आत्ताच बंद करावी, तिच्या ढासळत्या आकड्यांनी बाकी दोघींची सरासरी बिघडते आहे. ते बरोबर आहे. बहिणीचं म्हणणं, सरासरीत तिला धरू नकोस, पण आकडा उतरवत राहा. आणि ती गेल्यावर दोनच उरतील, मग भांडण झालं तर खरं कोण हे कुणाला विचारणार? तेही बरोबर आहे. तो रोज सकाळी तिन्ही आकडे उतरवतो, तिसऱ्यापुढे चौकटीत बारीक प्रश्नचिन्ह काढतो, आणि ती ते रबराने खोडते.